अंबरनाथचा फारूख चौधरी: गल्लीतल्या फुटबॉलपासून भारतीय संघापर्यंत

फारूख हाजी चौधरी हा ठाणे जिल्ह्यातल्या अंबरनाथचा व्यावसायिक फुटबॉलपटू. जन्म ८ नोव्हेंबर १९९६. खेळण्याची जागा आघाडीची, म्हणजे स्ट्रायकर किंवा विंगर. लोनस्टार काश्मीर, केरळ ब्लास्टर्स, मुंबई एफसी, जमशेदपूर एफसी आणि चेन्नईयन एफसी या क्लबांकडून तो खेळला आहे. भारताच्या मुख्य संघाकडून त्याने २०२१ मध्ये नेपाळविरुद्ध आणि २०२४ मध्ये व्हिएतनामविरुद्ध गोल केला.

भिवंडीहून अंबरनाथ फार लांब नाही. कल्याणला गेलं की लोकलने विठ्ठलवाडी, उल्हासनगर, मग अंबरनाथ. तरीही माझ्या वर्गातल्या मुलांना मेस्सी, रोनाल्डो, मोहम्मद सलाह यांचे वाढदिवस पाठ असतात आणि फारूखचं नाव विचारलं तर दोघं-तिघंच हात वर करतात. आपल्याच जिल्ह्यातला, आपल्यासारख्याच वस्तीतून पुढे आलेला हा खेळाडू आपल्या मुलांना आणि त्यांच्या अम्मी-अब्बांना माहीत असावा, म्हणून ही ओळख.

कारखान्यांचं गाव आणि मुंबईचं फुटबॉल

अंबरनाथ बाहेरच्यांना दोन गोष्टींसाठी माहीत असतं: अकराव्या शतकातलं दगडी शिवमंदिर आणि कारखाने. इथला दारूगोळा कारखाना, म्हणजे ऑर्डनन्स फॅक्टरी, आणि विमको ही काडेपेटीची कंपनी यांच्या आधाराने हे गाव वाढलं. देशभरातून माणसं कामाला आली, इथलीच झाली. भिवंडीत यंत्रमागाने जे केलं, तेच तिकडे या कारखान्यांनी केलं. अशा गावात मुलांकडे क्रिकेटची किट नसते, पण दहा जणांत मिळून एक फुटबॉल परवडतो.

मुंबई आणि तिच्या आसपासच्या फुटबॉलचा इतिहास मोठा आहे. रोव्हर्स कप ही स्पर्धा मुंबईत १८९१ मध्ये सुरू झाली. सुरुवातीची अनेक वर्षं गोऱ्या पलटणींचेच संघ ती जिंकत होते. १९३७ मध्ये बंगलोर मुस्लिम्स हा संघ ती जिंकणारा पहिला भारतीय संघ ठरला. १९४० मध्ये कोलकात्याच्या मोहम्मडन स्पोर्टिंगने रोव्हर्स कपही जिंकला आणि ड्युरँड कपही. कूपरेजच्या मैदानावर हे सामने बघायला लोक लांबून यायचे.

त्या काळात आणि पुढेही बरीच वर्षं फुटबॉल खेळणाऱ्याला नोकरी मिळायची. रेल्वे, एअर इंडिया, बँका, महिंद्रा अशा ठिकाणी संघ होते. खेळाडू सकाळी सराव करायचा, महिन्याला पगार घ्यायचा आणि खेळ सुटला की त्याच ऑफिसात टेबलावर बसायचा. महिंद्रा युनायटेड २०१० मध्ये बंद झाला. एकेक करून कंपन्यांचे संघ मागे पडले आणि करारावर खेळणाऱ्या क्लबांचा जमाना आला. फारूख या नव्या जमान्यातला खेळाडू आहे. त्याची कारकीर्द समजून घेताना हा फरक लक्षात ठेवावा लागतो.

पहिल्या पायऱ्या: काश्मीर, केरळ, मुंबई

फारूखचं नाव व्यावसायिक फुटबॉलमध्ये दिसू लागलं ते २०१५-१६ च्या हंगामात, श्रीनगरच्या लोनस्टार काश्मीर या क्लबकडून. हा क्लब तेव्हा आय-लीगच्या दुसऱ्या विभागात खेळत होता. अंबरनाथच्या एकोणीस वर्षांच्या मुलाने खेळण्यासाठी काश्मीरला जायचं, हे ऐकायला सोपं वाटतं. हवा वेगळी, जेवण वेगळं आणि पैसा बेताचा. दुसऱ्या विभागात टीव्हीचे कॅमेरे नसतात. पण सामने मिळतात. मोठ्या क्लबच्या बाकावर बसण्यापेक्षा लहान क्लबकडून नव्वद मिनिटं खेळणं या वयात जास्त मोलाचं असतं.

२०१६ मध्ये तो इंडियन सुपर लीगमधल्या केरळ ब्लास्टर्सच्या संघात गेला. स्टीव्ह कॉपेल हे इंग्लंडचे जुने खेळाडू त्या संघाचे प्रशिक्षक होते. केरळचा संघ त्या वर्षी अंतिम फेरीपर्यंत पोहोचला आणि १८ डिसेंबर २०१६ रोजी कोचीत कोलकात्याकडून पेनल्टीवर हरला. खच्चून भरलेलं स्टेडियम म्हणजे काय असतं, ते फारूखने तिथे पाहिलं.

तेव्हा सुपर लीग फक्त अडीच-तीन महिन्यांची असायची. ती डिसेंबरमध्ये संपली की खेळाडू उरलेल्या महिन्यांसाठी आय-लीगच्या क्लबकडे जायचे. फारूखही २०१७ मध्ये मुंबई एफसीकडे आला. हा आपल्या भागातला क्लब. खालिद जमील यांनी सात वर्षं त्याचं प्रशिक्षकपद सांभाळलं होतं. पण फारूख आला त्या हंगामात जमील आयझॉलला गेले होते. तिकडे त्यांनी आयझॉलला आय-लीगचं विजेतेपद मिळवून दिलं आणि इकडे मुंबई एफसी तळाला जाऊन खालच्या विभागात ढकलला गेला. पुढे तो क्लबच बंद पडला.

म्हणजे विसाव्या वर्षी फारूखच्या गाठीशी तीन क्लब होते आणि एकाही ठिकाणी पाय रोवलेले नव्हते. इथून अनेक मुलं गळतात. कोणी दुकानात बसतं, कोणी आखाताची वाट धरतं.

जमशेदपूर

२०१७ मध्ये सुपर लीगमध्ये बंगळुरू आणि जमशेदपूर हे दोन नवे संघ आले. आठाचे दहा संघ झाले आणि हंगाम लांबला. जुलै २०१७ मध्ये मुंबईत भारतीय खेळाडूंची निवड झाली, तिला ड्राफ्ट म्हणतात. प्रत्येक क्लब आळीपाळीने एकेक खेळाडू निवडतो. टाटा स्टीलच्या जमशेदपूर एफसीने फारूखला घेतलं. प्रशिक्षक होते तेच स्टीव्ह कॉपेल. केरळमध्ये ज्याला सरावात पाहिलं होतं, त्या पोराला त्यांच्या नव्या संघात जागा मिळाली. सरावात घाम गाळलेला वाया जात नाही तो असा. सामन्यात संधी नसली तरी कोणीतरी बघत असतं.

जमशेदपूरकडून तो बरेच सामने खेळला.  २०१९ मध्ये कोल्हापूरचा अनिकेत जाधवही त्याच क्लबात आला. अनिकेत २०१७ च्या १७ वर्षांखालील विश्वचषकात भारताकडून खेळला होता. महाराष्ट्राची दोन पोरं झारखंडच्या संघात आघाडीला, ही गोष्ट आपल्याकडच्या वर्तमानपत्रांत फारशी आली नाही.

फारूखच्या गोलांचा आकडा पाहून कोणी म्हणेल, स्ट्रायकर आणि गोल इतके कमी कसे? याचं कारण नियमात आहे. सुपर लीगमध्ये २०१७ पासून एका वेळी पाच परदेशी खेळाडू मैदानात उतरवता येत होते, २०२१-२२ पासून चार. जवळजवळ प्रत्येक क्लब त्यातला एक परदेशी स्ट्रायकरच घेतो. मग भारतीय स्ट्रायकरला बाजूला, विंगवर खेळावं लागतं. तिथे काम वेगळं असतं. पळायचं, बचावपटूला ओढून न्यायचं, चेंडू हिसकावायचा, पास द्यायचा आणि संघ अडचणीत असला की मागे येऊन बचावही करायचा. फारूख वर्षानुवर्षं हेच करत आला. गोल दुसऱ्याच्या नावावर लागतो, धाव याची असते.

भारताची जर्सी

२०१८ मध्ये ढाक्याला झालेल्या सॅफ स्पर्धेसाठी भारताने बहुतेक २३ वर्षांखालच्या मुलांचा संघ पाठवला. त्यात फारूख होता. हा संघ अंतिम फेरीत मालदीवकडून १-२ ने हरला, पण त्या संघातली कितीतरी मुलं पुढे भारताची नेहमीची खेळाडू झाली.

पहिला आंतरराष्ट्रीय गोल यायला अजून तीन वर्षं लागली. ५ सप्टेंबर २०२१, काठमांडूचं दशरथ स्टेडियम. तीन दिवस आधी नेपाळशी सामना १-१ असा सुटला होता. या दुसऱ्या सामन्यात ६२ व्या मिनिटाला फारूखने गोल केला आणि ८० व्या मिनिटाला कर्णधार सुनील छेत्रीने. भारत २-१ ने जिंकला. पुढच्याच महिन्यात मालदीवमध्ये भारताने नेपाळला ३-० ने हरवून आठव्यांदा सॅफ स्पर्धा जिंकली. त्याही संघात फारूख होता. वय चोवीस, अंगात ताकद, संघात जागा. सगळं जुळून आलं होतं.

गुडघा

आणि मग गुडघा गेला. गुडघ्याच्या लिगामेंटला गंभीर दुखापत झाल्यामुळे २०२१-२२ चा हंगाम त्याच्या हातातून निसटला.

गुडघ्याच्या आत मांडीचं हाड आणि नडगीचं हाड यांना धरून ठेवणारा एक पट्टा असतो. धावताना एकदम वळलं, उडी मारून पाय वाकडा पडला तर तो फाटतो. कोणी धक्का मारायची गरज नसते. बहुतेक खेळाडूंना ऑपरेशन करावं लागतं, शरीरातलाच दुसरा पट्टा काढून तिथे बसवतात. मैदानावर परतायला साधारण नऊ महिने ते वर्ष लागतं. सुरुवातीला पाय सरळ करायचा, मग चालायचं, मग सायकल, मग हळू धावणं. चेंडूला पाय लावायला महिनोन्‌महिने जातात. शरीर बरं होतं, पण मनातली भीती लवकर जात नाही. पाय टाकताना खेळाडू बिचकतो आणि बिचकलेला फॉरवर्ड अर्ध्या सेकंदाने मागे पडतो.

याच हंगामात, ओवेन कॉइल यांच्या हाताखाली, जमशेदपूरने साखळीत पहिला क्रमांक मिळवून लीग शील्ड जिंकली. क्लबच्या इतिहासातलं सगळ्यात मोठं यश. ज्या संघासाठी पळाला, तो संघ शील्ड उचलत होता आणि फारूखला मैदानावर उतरता येत नव्हतं. खेळात असंही होतं. सबर हा शब्द आपण मुलांना रोज सांगतो. त्याचा अर्थ अशा वेळी कळतो.

चेन्नई आणि दुसरा गोल

२०२३ मध्ये कॉइल चेन्नईयन एफसीचे प्रशिक्षक झाले आणि फारूखही चेन्नईला गेला. जो प्रशिक्षक आपल्याला दुखापतीच्या आधीपासून ओळखतो, त्याने पुन्हा बोलावणं ही खेळाडूसाठी मोठी गोष्ट असते.

१४ सप्टेंबर २०२४ ला भुवनेश्वरच्या कलिंगा स्टेडियमवर ओडिशाविरुद्ध हंगामाचा पहिला सामना होता. ओडिशाने पेनल्टीवर आघाडी घेतली. दुसऱ्या सत्रात फारूखने एक नाही, दोन गोल मारले आणि चेन्नईने सामना ३-२ ने जिंकला. महिनाभरात त्याला भारतीय संघाचं बोलावणं आलं.

१२ ऑक्टोबर २०२४, व्हिएतनाममधलं नाम दिन्ह शहर. गोलरक्षक गुरप्रीत सिंगने एक पेनल्टी अडवली, पण ३८ व्या मिनिटाला व्हिएतनामने गोल केलाच. ५३ व्या मिनिटाला सुरेश सिंग वांगजामने मागून लांब चेंडू टाकला. फारूख बचावफळीच्या मागे धावला, चेंडू ताब्यात घेतला आणि पुढे आलेल्या गोलरक्षकाच्या डोक्यावरून अलगद जाळ्यात टाकला. सामना १-१ ने बरोबरीत सुटला.

पहिला गोल २०२१ च्या सप्टेंबरात, दुसरा २०२४ च्या ऑक्टोबरात. मधे तीन वर्षांहून जास्त काळ. रेकॉर्ड बुकात या दोन ओळी एकाखाली एक असतात. मधली वर्षं तिथे दिसत नाहीत.

२५ मार्च २०२५ ला शिलाँगमध्ये बांगलादेशविरुद्ध आशियाई चषक पात्रतेचा सामना झाला, गोलशून्य बरोबरीत सुटला. त्यात सुरुवातीच्या अकरा जणांत छेत्रीसोबत फारूख होता आणि बचावात मुंबईचा राहुल भेके. याच भेकेने १७ मार्च २०१९ रोजी अंधेरीच्या मैदानावर, आपल्याच शहरात, सुपर लीगच्या अंतिम सामन्यात हेडरने गोल करून बंगळुरूला विजेतेपद मिळवून दिलं होतं. म्हणजे "महाराष्ट्रात फक्त क्रिकेट" असं म्हणणाऱ्यांना उत्तर द्यायला माणसं आहेत.

"फुटबॉलसे पेट भरता है क्या?"

माझ्याकडे दहावीला असलेल्या एका मुलाची अम्मी शाळेत आली होती. मुलगा असरनंतर मैदानात जातो तो मगरीबची अजान झाली तरी येत नाही. घरात लूम, वडिलांच्या पाठीचं दुखणं, मोठा भाऊ गोडाऊनमध्ये कामाला. तिने मला विचारलं, "टीचर, फुटबॉलसे पेट भरता है क्या?" मी तिला लगेच हो म्हटलं नाही आणि नाहीही म्हटलं नाही. फारूखची गोष्ट सांगितली, पूर्ण सांगितली. तीच इथे आपल्या सगळ्यांसाठी थोडी उलगडून मांडते.

पहिली गोष्ट, हा कराराचा धंदा आहे. करार एक-दोन-तीन वर्षांचा असतो. खेळाडू अठरा वर्षांखालचा असेल तर फिफाच्या नियमाप्रमाणे तीन वर्षांपेक्षा जास्त करार करता येत नाही. करार संपला की पुन्हा शून्यापासून. जुलै २०२५ मध्ये तर सुपर लीग चालवणारी कंपनी आणि फुटबॉल महासंघ यांच्यातल्या कराराचा घोळ होऊन पुढचा हंगामच थांबवला गेला. काही क्लबांनी कामकाज बंद ठेवलं, काहींनी पगार रोखले. भारताकडून खेळलेल्या मुलांचे हे हाल, तर नवख्यांचं काय?

दुसरी गोष्ट, म्हणून शिक्षण सोडायचं नाही. सकाळी शाळा, संध्याकाळी मैदान, हे जमतं. जिल्हा, विभाग, राज्य पातळीवर खेळणाऱ्या मुलांना दहावी-बारावीला क्रीडा गुण मिळतात. महाराष्ट्र शासनाच्या नोकरभरतीत पात्र खेळाडूंसाठी ५ टक्के समांतर आरक्षण आहे. पण त्यासाठी प्रमाणपत्रं जपून ठेवावी लागतात आणि त्या पदासाठी लागणारं शिक्षण लागतं. माझ्या माहितीतल्या एका मुलाची सगळी सर्टिफिकेटं पावसात भिजली. आता तो काय दाखवणार?

तिसरी गोष्ट, कागदपत्रं. जन्मदाखला खरा आणि वेळेत काढलेला हवा. वय कमी दाखवून लहान गटात खेळवण्याचा मोह काही लोक घालतात. हे गुनाह तर आहेच, वर हाडांच्या तपासणीत पकडलं गेलं की मुलावर बंदी येते. आधार, शाळेचा दाखला आणि जन्मदाखला, तिन्हीवर नाव एकसारखं लिहिलेलं असावं. आपल्याकडे एकाच मुलाचं नाव तीन ठिकाणी तीन प्रकारे असतं. खेळाडूची नोंदणी महासंघाच्या ऑनलाइन पद्धतीत होते, तिथे हेच अडतं.

चौथी गोष्ट, पैसे मागणाऱ्यांपासून सावध. दोन वर्षांपूर्वी आमच्या मोहल्ल्यातल्या एका घराने "क्लबच्या ट्रायल"साठी उसने काढून पैसे भरले. गेले तर तिथे एक भाड्याचं टर्फ आणि चाळीस मुलं. पैसे परत मिळाले नाहीत. जो एजंट निवडीची हमी देऊन पैसे घेतो, त्याच्यापासून लांब राहा. आता फुटबॉल एजंटला फिफाचं लायसन्स लागतं, ते दाखवायला सांगा. पैसे न घेता शिकवणाऱ्या जागाही आहेत. पुण्याच्या बालेवाडीत राज्य शासनाची क्रीडा प्रबोधिनी आहे. नवी मुंबईत घणसोलीला रिलायन्स फाउंडेशनची निवासी अकादमी शिष्यवृत्तीवर मुलं घेते. जागा थोड्या, निवड कडक. पण दार सगळ्यांना उघडं आहे.

पाचवी गोष्ट, शाळेची स्पर्धा कमी लेखू नका. सुब्रतो कप १९६० पासून चालू आहे. तालुका, जिल्हा, विभाग, राज्य अशा पायऱ्यांनी शाळेचा संघ दिल्लीपर्यंत जाऊ शकतो. त्यासाठी शाळेने वेळेत नाव नोंदवायला हवं. आपल्या शाळेने यंदा नाव दिलं का, हे पालक सभेत विचारा. आम्हा शिक्षकांनाही कोणी विचारलं की बरं वाटतं.

आणि खेळाडू झाला नाही तरी फुटबॉल संपत नाही. प्रशिक्षकाचा परवाना, रेफ्रीची परीक्षा, फिजिओथेरपी हे सगळे रोजगार आहेत. खालिद जमील यांचंच बघा. ते महिंद्रा युनायटेड, एअर इंडिया, मुंबई एफसीकडून खेळले, २००९ मध्ये खेळ थांबवून प्रशिक्षक झाले आणि १ ऑगस्ट २०२५ ला थेट भारतीय संघाचे प्रशिक्षक म्हणून नेमले गेले. तेरा वर्षांनी त्या खुर्चीत भारतीय माणूस बसला.

त्या अम्मीने सगळं ऐकून घेतलं आणि म्हणाली, "ठीक है, पर दसवीं पहले." मी म्हटलं, "दसवीं भी, फुटबॉल भी. अजान के बाद सीधा घर, ये उसको बोलो." मुलगा दहावी पास झाला. गुण खूप नाहीत, पण पास झाला आणि अकरावीला आहे. असरनंतर अजूनही मैदानात असतो.

तो फारूख चौधरी होईल का, हे अल्लाहला माहीत. पण फारूखही कधीतरी अंबरनाथच्या मैदानावर असाच एक पोरगा होता, हे त्या मुलाला आता माहीत आहे.